दहा मिनिटांच्या आतलं घर

मा. संपादक,
स. न. वि. वि.

तुमचा पेपर आमच्याकडं वडिलांच्या काळापासून येतो पण पत्र लिहायची ही पहिलीच वेळ, त्यामुळं काही चुकलं-माकलं तर सांभाळून घ्या आणि छापायला लांब वाटलं तर कुठनंही कापा, माझी काही हरकत नाही. फक्त शेवटची विनंती तेवढी कापू नका.

मध्यंतरी तुमच्याकडं एक बातमी आली होती, सरकारच्या 2024 च्या टाइम यूज सर्व्हेची. म्हणजे देशातली माणसं दिवसाचे चोवीस तास कशात घालवतात त्याची पाहणी. त्यात होतं की बायका घरकामाला दिवसाला 289 मिनिटं देतात आणि पुरुष 88. मी ते चहा पिता पिता मोठ्यानं वाचून दाखवलं. आमची ही मेथी निवडत बसली होती, मान वर न करता म्हणाली, "88? कुठले हो हे पुरुष?"

मग मी खुलासा केला की अगं हे सगळ्या पुरुषांचं नाही, जे थोडंफार करतात त्यांचंच आहे, जे काहीच करत नाहीत ते यात धरलेलेच नाहीत. तर म्हणाली, "मग बरोबर असेल." आणि मेथीची जुडी उलटी केली. मी आपलं पुढं वाचत राहिलो की 2019 ला हाच सर्व्हे झाला होता तेव्हा बायकांची 299 होती आणि पुरुषांची 97. म्हणजे पाच वर्षांत बायकांची 10 मिनिटं वाचली आणि पुरुषांनी लगेच आपली 9 वाचवून घेतली. हिशोबात आम्ही मागं राहणार नाही बघा.

तेव्हाच हिनं विचारलं की वाचलेली 10 मिनिटं गेली कुठं. मला उत्तर देता आलं नाही. माझा भाचा तिथंच होता, त्याला असल्या गोष्टी मोबाईलवर लगेच सापडतात, त्यानं सर्व्हेत विचारतात कसं तेच काढून दाखवलं. काल पहाटे 4 पासून आज पहाटे 4 पर्यंतचा दिवस धरतात, त्याचे अर्ध्या अर्ध्या तासाचे रकाने पाडतात, आणि प्रत्येक रकान्यात काय केलं ते विचारून लिहितात. एका रकान्यात जास्तीत जास्त तीन कामं. आणि 10 मिनिटं किंवा जास्त चाललेलं असेल तरच लिहायचं, त्याच्या आतलं सोडून द्यायचं.

यात सरकारचं काही चुकलं असं मला म्हणायचं नाहीये. मी स्वतः 34 वर्षं हिशोब खात्यात काढली, कुठंतरी रेघ मारावीच लागते, पैसे-पैसे मोजत बसलं तर ताळेबंद जन्मात होणार नाही. पण त्या दिवसापासून ती 10 मिनिटांची रेघ माझ्या डोक्यात बसली ती बसलीच. कारण मला वाटायला लागलं की आमचं घर जे काही आहे ते त्या रेघेच्या खालीच आहे सगळं.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघांनी दुधाच्या हिशोबाच्या वहीत मागच्या पानावर तसेच रकाने पाडून बघितले. हिचे झाले 6 तास 20 मिनिटं. माझी झाली 35 मिनिटं आणि त्यातली 20 वादात आहेत, कारण मी दळण आणायला गेलो होतो हे खरं पण गिरणीवर पाटलांशी निवडणुकीवर बोलत उभा होतो ते कशात धरायचं यावर एकमत झालं नाही. आणि तीन कामांचा नियम तर हिच्या बाबतीत चाललाच नाही. सकाळी 9 ते साडेनऊच्या एका रकान्यात कुकर, आईंची बीपीची गोळी, शेजारणीची फॉल-पिकोला आलेली साडी, नळाला पाणी आलं म्हणून पिंप भरणं आणि माझा चष्मा शोधून देणं अशी पाच निघाली. चष्मा डोक्यावर होता हे वहीत लिहू नको म्हणलं मी, तिनं लिहिलं.

मी 2021 ला निवृत्त झालो. तोपर्यंत मला माहीतच नव्हतं की घराला दुपार असते. हसू नका, खरंच सांगतो. सकाळी 10 ला जायचं, संध्याकाळी साडेसहाला यायचं, रविवारी दुपारी जेवून झोपायचं, त्यामुळं साडेतीन-चारच्या सुमाराला आपल्या घरात कसं असतं ते मी साठ वर्षांचा होईस्तोवर बघितलंच नव्हतं. पहिले दोन महिने तर मी नुसता मधे मधे येत होतो. जिथं बसावं तिथनं उठवायचे. इथं पापड घालायचेत, तिथं फडकी मारायचीत, आणि फ्रिज उघडून उभं राहिलं की आतनं आवाज यायचा, "काय पाहिजे ते सांगा, दार लावा आधी." आता मला एक जागा ठरवून मिळालीय, मधल्या खोलीत खिडकीपाशी लोखंडी खुर्ची, तिथनं मी कुणाच्या वाटेत येत नाही आणि मला सगळं दिसतं.

आमचं घर गावभागात, जुनं, भिंती जाड, त्यामुळं बाहेर सांगलीचं ऊन कितीही तापलं तरी मधल्या खोलीत गार असतं. चारच्या आसपास खिडकीतनं ऊन तिरपं आत येतं आणि ते बरोब्बर आईच्या पुढ्यात पडतं. आई 84 वर्षांची. ती भिंतीला टेकून वाती करते. लाख वातींचा संकल्प आहे तिचा, 2023 ला अधिक श्रावण आला होता तेव्हा धरलेला. बोराएवढा कापूस घेते, त्यातलं सरकीचं काही राहिलं असेल तर नखानं काढते, बोटांनी विरळ करून पुरीसारखा चपटा करते, मधे चिमटीत धरते आणि शेजारच्या वाटीतल्या दुधात बोट बुडवून वरचं टोक असं पिळते की फुलवात उभी राहते. मी एकदा करून बघितली, माझी आडवीच पडली. आईनं ती उचलून परत कापसात टाकली, बोलली काही नाही.

शंभर वाती झाल्या की एक चिंचोका डाव्या डब्यातनं उजव्या डब्यात. 1000 चिंचोके उजवीकडं गेले की लाख. आत्ता 640 गेलेत. दिवसाला शंभर-सव्वाशे होतात, म्हणजे अजून वर्षभर लागेल, हा हिशोब घरात प्रत्येकानं आपापला मनात केलेला आहे आणि मोठ्यानं कुणीच म्हणत नाही. ही फक्त महिन्याला कापूस जरा जास्तच आणून ठेवते.

आता सर्व्हेवाल्यांनी आईला विचारलं की काल दुपारी 4 ते साडेचार काय केलं तर ती सांगेल "बसले होते". कारण ती चार वाती करते आणि तिचा डोळा लागतो, मग डोळा उघडतो, हातात कापूस तसाच असतो, परत सात वाती, मग खिडकीत मांजर येतं त्याला हाड करते, परत डोळा. सलग 10 मिनिटं काहीच नाही. डोळा लागला तरी तिचा अंगठा आणि पहिलं बोट एकमेकांवर फिरत असतं, रिकामंच. मी आणि ही दोघं ते बघतो आणि एकमेकांकडं बघतो आणि कुणी काही बोलत नाही, मग ही उठते आणि चहाचं आधण ठेवते. बस, एवढंच. याला कुठल्या रकान्यात घालता?

तुमच्या रविवारच्या पुरवणीत मागं एक लेख होता की कुटुंबानं आठवड्यातनं एकदा ठरवून क्वालिटी टाइम काढावा, मोबाईल एका टोपलीत ठेवावेत, समोरासमोर बसून एकमेकांना प्रश्न विचारावेत. लेख चांगला होता, वाईट नव्हता. आम्ही दिवाळीत मुलगा-सून आले होते तेव्हा करून पण बघितलं. सगळे गोल करून बसलो, मोबाईल टोपलीत, सुनेनं विचारलं, "बाबा, तुमच्या आयुष्यातला सगळ्यात आनंदाचा क्षण कुठला?" मला तर इंटरव्ह्यूला बसल्यासारखं घाम फुटला. मी म्हणलं नोकरी लागली तो. हिनं माझ्याकडं असं बघितलं की बास. आई म्हणाली, "मला लघवीला जायचंय," आणि कार्यक्रम तिथंच संपला. पण त्याच रात्री भांडी झाल्यावर सून ओट्याला टेकून उभी होती, ही कपड्यांच्या घड्या घालत होती, मी दाराशी उगाच उभा, आणि सून आपल्याआपण सांगायला लागली की ऑफिसात तिच्यावरचा साहेब बदललाय आणि तिला सकाळी उठूच वाटत नाही. कुणी विचारलं नव्हतं. हिनं एक उशीचा अभ्रा तिच्या हातात दिला घडी घालायला, एवढंच केलं. मला वाटतं माणसाला बोलायला हातात काहीतरी लागतं, अभ्रा म्हणा, मटार म्हणा, रिकाम्या हातानं समोर बसवलं की जीभ पण रिकामी होते.

मुलगा पुण्यात असतो, हिंजवडीला नोकरी. त्याचा फोन रात्री पावणेनऊच्या सुमाराला येतो, कारण तेव्हा तो गाडीत अडकलेला असतो, तिथली ट्रॅफिक तुम्हाला सांगायला नको. पूर्वी मी फोन आला की काय विशेष, काय म्हणतोस, जेवलास का असं सुरू करायचो, तो पण बरा आहे, हो, नाही, अशी उत्तरं द्यायचा आणि दोन मिनिटांत "चला ठेवू?" व्हायचं. आता कसं झालंय की ही भाकरी करत असते, हात पिठाचे, म्हणून फोन स्पीकरवर टाकून मिसळणाच्या डब्याला टेकवून ठेवते. तो विचारतो, "काय चाललंय?" ही म्हणते, "भाकरी." तो म्हणतो, "चालू दे." आणि मग कुणीच बोलत नाही. इकडं परातीत भाकरी थापल्याचा आवाज, तव्यावर टाकली की पाणी फिरवल्याचा चर्र आवाज, तिकडं हॉर्न आणि इंडिकेटरची टिकटिक. मधेच तो म्हणतो, "ही पाचवी का?" म्हणजे मोजत असतो! एकदा चुकून माझा हात लागून फोन कट झाला तर लगेच परत आला, "कट का केला? मी ऐकत होतो की." मी विचारलं, "अरे ऐकत काय होतास, आम्ही बोलतच नव्हतो." तर म्हणाला, "तेच."

फोनवर नंतर बघितलं तर 8 मिनिटं 40 सेकंद. म्हणजे हे पण सर्व्हेत नाही.

पावसाळ्यात आमच्याकडं आणखी एक प्रकार असतो तो बाहेरगावच्या वाचकांना विचित्र वाटेल. जुलै लागला की सांगलीत, निदान आमच्या गावभागात तरी, सकाळी उठल्या उठल्या देवाचं नाव घ्यायच्या आधी माणूस विचारतो "आयर्विन किती?" कृष्णेवरचा आयर्विन पूल म्हणजे पुराचं आमचं थर्मामीटर. 40 फुटाला इशारा, 45 ला धोका, हे इथल्या पहिलीतल्या पोराला पण पाठ असतं. मी पेपर किंवा मोबाईल बघून सांगतो, "18." आई म्हणते, "बरं," आणि तोंड धुवायला जाते. दुसऱ्या दिवशी "22". "बरं." कोयना 105 टीएमसीचं धरण, त्यात किती भरलं, दरवाजे किती फुटांनी उचलले, अलमट्टीतनं किती सोडतायत, हे सगळं चहाबरोबर होतं. 30 च्या वर गेलं की "बरं" च्या आधी आई जरा थांबते. 35 ला ही काही न बोलता खालच्या कपाटातली लग्नाची साडी आणि कागदपत्रांची पिशवी माळ्यावर नेऊन ठेवते. कुणी कुणाला सांगत नाही, चर्चा नाही, घाबरणं नाही. मी सिलिंडर कुठं आहे ते बघून येतो. पाणी उतरलं की साडी परत खाली. दरवर्षीचं आहे हे.

2019 ला मात्र साडी माळ्यावर नेऊन भागलं नाही. आयर्विनला पाणी 57 फुटांच्या वर गेलं, आमच्या घरात छातीच्या वर होतं. त्याआधी 2005 ला आलं होतं त्या हिशोबानं आम्ही सामान चढवलेलं, म्हणजे त्या वेळच्या रेघेच्या एक हात वर, आणि पाणी त्याच्याही वर गेलं. आम्ही आधल्या दिवशी दुपारी निघालो आणि विश्रामबागला बहिणीकडं जाऊन राहिलो, अकरा दिवस. तिनं काही कमी केलं नाही, तिच्या घरातला पलंग आईला दिला, स्वतः खाली झोपली, रोज गरम जेवण, उगाच कशाला खोटं बोलायचं. पण त्या अकरा दिवसांत आम्ही सगळे पाहुण्यासारखे बसून असायचो. बहीण कामाला हात लावू द्यायची नाही. ही दोनदा तिच्याशी भांडली, "अहो वन्सं, निदान लसूण तरी सोलू द्या."

आमच्या घरी रोज रात्री एक ठरलेलं असतं, आई झोपायला आडवी झाली की आतनं विचारते, "बाळ्या, कडी लावलीस का रे?" मी म्हणतो, "लावली." मला कळतंय तसं हे चालू आहे, वडील होते तेव्हा त्यांना विचारायची, ते गेल्यावर मला. मी कधी कधी वैतागायचो पण, रोज काय विचारतेस, लावतोच की. तर बहिणीच्या घरी तिसऱ्या का चौथ्या रात्री, लाईट नव्हती, बाहेर पाऊस, सगळे आडवे झालेले, आणि आई अंधारात म्हणाली, "बाळ्या, कडी लावलीस का रे?" बहिणीला वाटलं तिच्या दाराचं विचारतेय, ती म्हणाली, "लावलीय गं आई, झोप." आई म्हणाली, "तुला नाही, त्याला विचारलं."

मी निघताना कडी लावली होती, कुलूप पण घातलं होतं. त्या रात्री पाणी कडीच्या वर होतं हे मला माहीत होतं आणि तिला पण माहीत होतं, दिवसभर टीव्हीवर तेच चालू होतं. मी म्हणलं, "लावली आई." ती म्हणाली, "बरं." आणि झोपली.

परत आलो तेव्हा घरात घोटाभर गाळ. तो काढायला किती दिवस लागले, पंचनामा कसा झाला, मदत कधी आली ते सगळं तेव्हा छापून आलेलं आहे, मी परत उगाळत नाही. आईचा वातींचा डबा खालच्या फळीवर राहिला होता. तेव्हा पण तिचा असाच संकल्प चालू होता. डबा उघडला तर आत काळा चिखलाचा गोळा. तिनं झाकण परत लावलं आणि मला म्हणाली, "हा नदीत सोडून ये, नदीनंच घेतलाय." त्यानंतर जवळजवळ चार वर्षं तिनं वातींचं नाव काढलं नाही, देवापुढं विकतच्या वाती. म्हणून म्हणलं ना, हे 640 चिंचोके म्हणजे आमच्याकडं नुसते चिंचोके नाहीत, आता डबा माळ्यावरच असतो आणि रोज दुपारी तो काढून द्यायचं काम माझं आहे. स्टूल घ्यायचं, चढायचं, डबा द्यायचा, संध्याकाळी परत ठेवायचा. दोन्ही मिळून 3 मिनिटं. हिनं वहीत हे माझ्या खात्यात धरलं नाही, म्हणाली 10 च्या आतलं नियमात बसत नाही. नियम तोच ठेवायचा असेल तर तिची कितीतरी कामं पडतील हे मी दाखवून दिलं, तर म्हणाली, "तेच तर सांगतेय कधीची."

खरं सांगायचं तर या बोलण्यावर मी जरा गप्प झालो. कारण मी खुर्चीत बसून जे निवांत निवांत म्हणून बघतो त्याच्या खाली तिचं काहीतरी चालू असतं. रात्रीचंच बघा. जेवणं झाली, टीव्ही बंद, आई आडवी, मला वाटतं दिवस संपला. तेव्हा ही दुधाच्या पातेल्यात करंगळी बुडवून बघते, जास्त गरम असलं तर थांबते, गार झालं असलं तर पातेलं गॅसवर नुसतं धरल्यासारखं करते, मग वाटीतलं दही चमच्याच्या टोकावर घेऊन त्यात फिरवते, झाकण ठेवते, उन्हाळा असला तर तसंच, थंडी असली तर वरनं जुना टॉवेल गुंडाळते. मग गॅसचं बटण. मग रेग्युलेटर. मग माठाखालचं ताट. मग उद्याच्या उसळीला मटकी भिजत घातलीय का ते झाकण उघडून बघते, घातलेली असते, तरी बघते. हे सगळं मिळून 6-7 मिनिटं होत असतील, मी एकदा घड्याळ लावून बघितलं. गेल्या महिन्यात तिला ताप होता तेव्हा मी विरजण लावलं. सकाळी दूध ते दूधच. तिनं पातेल्यात बघितलं, "करंगळी घातली होती का?" मी म्हणलं हो. "कुठल्या हाताची?" असं विचारलं तिनं, आणि मी पाच मिनिटं विचार करत बसलो की हाताचा काय संबंध असेल, नंतर कळलं थट्टा केली.

वाचलेली 10 मिनिटं कुठं गेली हे तिनं विचारलं होतं त्याचं उत्तर अजून माझ्याकडं नाही. मिक्सरनं वाचवली असतील, कुकरनं वाचवली असतील, नळ घरात आला त्यानं वाचवली असतील. पण ती तिच्या हातात रोख आलेली मला तरी दिसली नाहीत. मी आता दुपारचा चहा करतो. चार कप करतो, चौथा कुणाचा ते विचारू नका, आईला लागतो अर्धा अर्धा करून दोनदा. पहिल्या दिवशी ही स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून बघत होती, साखर किती टाकतो, आलं ठेचतो का किसतो. आता बघत नाही. आता ती त्या वेळात माझ्या खुर्चीत बसते. परवा मी चहा घेऊन आलो तर खिडकीतल्या उन्हात आई डावीकडं झोपलेली, ही खुर्चीत मान टाकून झोपलेली, आणि कापसाचा एक तुकडा फरशीवर पंख्याच्या वाऱ्यानं इकडनं तिकडं. मी कप खाली ठेवले नाहीत, आवाज होईल म्हणून. तसाच ट्रे धरून उभा राहिलो, चहावर साय धरेपर्यंत. किती वेळ ते बघितलं नाही, हात भरून आले म्हणजे बराच असणार.

आता ज्यासाठी एवढं पत्र लिहिलं ती विनंती.

तुम्ही गेल्या काही महिन्यांपासून शब्दकोडं आणि निधन वार्ता एकाच पानावर छापायला लागलाय. आमच्याकडं पेपर आला की त्याची पानं सुटी होतात, ही पहिल्यापासूनची पद्धत. पहिलं पान माझं, खेळाचं पान भाचा असेल तर त्याचं, शब्दकोडं हिचं आणि निधन वार्ता आईच्या. आई रोज बघते की ओळखीचं कोण गेलं, वयं वाचते, आपल्यापेक्षा लहान कुणी असेल तर "अरेरे" आणि मोठं असेल तर "सुटला". तिला ते वाचायला चांगला अर्धा तास लागतो कारण भिंग घेऊन वाचते. आणि हिला शब्दकोडं सकाळी कुकरच्या तीन शिट्ट्या व्हायच्या आत लागतं, नंतर तिला वेळ नाही. पूर्वी दोघींची पानं वेगळी होती, भांडण नव्हतं. आता रोज सकाळी एक जण निधन वार्ता वाचतंय आणि दुसरं तिच्या खांद्यावरनं वाकून विचारतंय, "आई, जरा हात काढा ना, आडवे 12 दिसत नाही." परवा आईनं निधन वार्ता वाचता वाचताच वरनं उत्तर सांगितलं, चार अक्षरी, दुधात लावतात ते, आणि ही म्हणाली, "अहो मला येत होतं ते!" तेवढ्यावरनं अर्धा दिवस दोघींचं बोलणं मोजकंच.

मी कात्री घेऊन पान मधनं कापून पण बघितलं, दोघींना एकेक तुकडा. तर मागच्या बाजूला हळदीचे दर होते ते मधनं कापले गेले, राजापुरी हळदीचा आकडा एका तुकड्यावर आणि क्विंटल दुसऱ्यावर. आमची काही शेतीवाडी नाही पण सांगलीत राहून हळदीचा दर माहीत नाही म्हणजे गिरणीवर जायची सोय राहत नाही. तेव्हा शब्दकोडं दुसरीकडं हलवता आलं तर बघा. निधन वार्तांच्या मागं मात्र दर येऊ देऊ नका, ते पान दुपारपर्यंत मिळत नाही.

आपला,
एक जुना वाचक
गावभाग, सांगली